विजापूर दोन दिवसांत: गोल घुमट शेवटी ठेवा

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे: पुण्याहून स्वतःच्या गाडीने शुक्रवारी दुपारनंतर निघायचं, रविवारी रात्री घरी पोहोचायचं. सोबत सत्तरीच्या आई आणि पाचवीतली मुलगी. शनिवारी विजापूर आणि रविवारी बदामी-पट्टदकल जमेल का? विजापुरात गोल घुमटाशिवाय बघण्यासारखं काय आहे? आणि आईंना चढ-उतार कितपत झेपेल?

दख्खनच्या जुन्या राजधान्यांच्या छोट्या सहली आखून देणं हे माझं कामच आहे, त्यामुळे आधी स्पष्ट सांगते: बदामी या वेळी काढून टाका. विजापूरहून बदामी सव्वाशे किलोमीटरच्या आसपास आहे. जाऊन, बघून त्याच दिवशी पुणं गाठायचं म्हटलं तर रविवार सगळा गाडीत जाईल, लेणी धावत बघाल आणि आई दमून जातील. त्यापेक्षा वाईट हे की विजापूरला एकच दिवस उरेल. एका दिवसात लोक गोल घुमट बघतात, वर जाऊन टाळ्या वाजवतात, येताना तोफेजवळ फोटो काढतात आणि "विजापूर झालं" म्हणतात. जवळजवळ दोनशे वर्षं राजधानी असलेल्या शहराला निदान एक पूर्ण दिवस आणि एक सकाळ द्या.

प्रवासाचं आधी बघू. पुणे ते सोलापूर अडीचशे आणि पुढे विजापूर शंभर किलोमीटर. टाकळीजवळ भीमा ओलांडली की कर्नाटक सुरू होतं. दुपारी दोन-अडीचपर्यंत निघता आलं तर रात्री विजापुरातच मुक्कामाला पोहोचा, म्हणजे शनिवारची सकाळ हातात राहील. पाच वाजल्याशिवाय ऑफिसातून सुटका नसेल तर सोलापूरला झोपा आणि शनिवारी सहाला निघा. रात्री उशिरा अनोळखी रस्त्यावर गाडी ओढत नेऊ नका. हे वाचणाऱ्या मुंबईकरांना सोलापूरमार्गे जाणारी रात्रीची रेल्वे सोयीची पडते, आणि सांगली-कोल्हापूरकडच्यांना मिरज-जतचा रस्ता जवळचा.

आता शहराची मांडणी समजून घ्या, कारण सगळं नियोजन तिच्यावर आहे. विजापूर पूर्व-पश्चिम पसरलंय. पूर्वेच्या टोकाला गोल घुमट, त्याच्या शेजारी रेल्वे स्टेशन. पश्चिमेला तटाबाहेर इब्राहिम रोजा, म्हणजे सुलतान दुसऱ्या इब्राहिमची कबर. मधे अर्किल्ला, म्हणजे राजवाड्यांचा बालेकिल्ला, आणि गांधी चौकाचा बाजार. एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत चारेक किलोमीटर. जवळपास सगळे लोक स्टेशनाच्या बाजूने, म्हणजे गोल घुमटापासून सुरुवात करतात आणि पश्चिमेकडे जाता जाता थकतात. तुम्ही उलटं करा. शनिवारी पश्चिमेकडून सुरुवात करा आणि रविवारी पहाटे गोल घुमटाने शेवट करा.

याची दोन कारणं आहेत. पहिलं साधं: गोल घुमट इतका प्रचंड आहे की तो आधी बघितला की नंतरचं सगळं डोळ्यांना लहान वाटतं. इब्राहिम रोजासारखी नाजूक इमारत त्यानंतर बघणं म्हणजे तिच्यावर अन्याय आहे. दुसरं कारण इतिहासाचं. गोल घुमट ही इब्राहिमचा मुलगा महंमद याची कबर, आणि तिच्यामागे बापाच्या कबरीपेक्षा वेगळं, मोठं काहीतरी बांधण्याची जिद्द आहे. बापाची कबर, म्हणजे इब्राहिम रोजा, न बघता ती कळत नाही.

त्यासाठी चार सुलतानांची नावं लक्षात ठेवली की पुरे. १४९० मध्ये युसुफ आदिलशहाने बहमनी राज्यातून वेगळं होऊन ही गादी स्थापन केली, पण आज दिसणारं विजापूर नंतरच्यांचं. पहिला अली आदिलशहा: १५६५ च्या तालिकोटच्या लढाईत विजयनगर पडलं, त्यानंतर याच्या हातात पैसा आला. शहराचा सुमारे दहा किलोमीटर घेराचा तट आणि जामा मशीद याच्या काळातली. दुसरा इब्राहिम, त्याचा पुतण्या: संगीताचा वेडा, दखनी भाषेत स्वतः गीतं रचणारा आणि त्यांची सुरुवात सरस्वतीच्या स्तुतीने करणारा. लोक त्याला जगद्गुरू म्हणत. त्याचा मुलगा महंमद, गोल घुमटाचा धनी. आणि महंमदाचा मुलगा दुसरा अली, ज्याच्या कारकिर्दीच्या सुरुवातीला, महंमदाची राणी बडी बेगम हिच्या हाती कारभार असताना, अफझलखान महाराजांवर निघाला. पुढे १६८६ मध्ये औरंगजेबाने शहर घेतलं आणि आदिलशाही संपली. एवढं मुलीला गाडीत सांगून ठेवा. बाकी इमारती सांगतील.

शनिवारी सकाळी पहिल्यांदा इब्राहिम रोजा. शक्यतो आठच्या आत पोहोचा. एका उंच चौथऱ्यावर समोरासमोर दोन इमारती आहेत, पूर्वेला कबर, पश्चिमेला मशीद आणि मधे कारंज्याचं टाकं. दुसऱ्या इब्राहिमने ही जागा आपल्या राणीसाठी, ताज सुलतानासाठी बांधायला घेतली असं दारावरच्या लेखावरून दिसतं. पण १६२७ मध्ये तो आधी गेला आणि इथेच पुरला गेला. बांधणाऱ्याचं नाव मलिक संदल. या काळात इमारत कोणी बांधली ते नावानिशी कळणं दुर्मीळ असतं, म्हणून हे नाव मी प्रत्येकाला आवर्जून सांगते.

गाईड इथे "ताजमहाल यावरूनच बांधला" असं सांगायला सुरुवात करतात. ते कानाआड करा. या इमारतीला ताजची शिफारस लागत नाही. कबरीच्या भोवतीच्या पडवीत शिरा आणि भिंतीला नाक लावून उभे राहा. सगळी भिंत कोरीव अक्षरांची आहे. दगडावर अक्षरं इतकी उथळ कोरली आहेत की समोरून ऊन असेल तर ती दिसत नाहीत, तिरपं ऊन आलं की उठून येतात. म्हणूनच सकाळी लवकर या म्हणते. पूर्वेच्या भिंतीवर सकाळी, पश्चिमेच्या भिंतीवर चारनंतर. मग खिडक्या बघा. जाळीची नक्षी वाटते ती अरबी अक्षरं आहेत, आणि अक्षरांच्या मधल्या भोकांतून उजेड आत येतो. भिंतीवरचा मजकूर आणि आतला प्रकाश या दोन्हींसाठी एकच दगड वापरलाय. आत कबरीच्या दालनात वर बघा: छताचा मधला भाग सपाट दगडी आहे आणि तो कशावर टेकला आहे ते खालून दिसतच नाही. मुलीला समोरच्या मशिदीच्या छज्जापाशी न्या. तिथे एकसंध दगडातून कोरलेल्या लोंबत्या साखळ्यांचे अवशेष शोधायला सांगा.

आईंसाठी इथे चौथऱ्याच्या मोजक्याच पायऱ्या आहेत. वर आल्यावर पडवीत सावलीत निवांत बसता येतं. दीड तास तरी द्या. विजापुरात एकच इमारत बघायची असेल तर मी हीच बघेन.

तिथून शहराकडे येताना पश्चिमेच्या तटावर शेरजा बुरूज लागतो, आणि त्यावर मुलूख मैदान तोफ. नाव सगळ्यांना माहीत असतं, पण ही तोफ मुळात विजापूरची नाही. निजामशाहीची आहे. १५४९ मध्ये अहमदनगरला महंमद बिन हसन रूमी नावाच्या कारागिराने ती ओतली. पुढे ती परंड्याच्या किल्ल्यावर होती. १६३२ मध्ये तिथून ती विजापूरला आणली मुरार जगदेवाने. तुम्ही पुण्याचे, म्हणून हे नाव महत्त्वाचं. १६३० च्या सुमारास पुणं जाळून, बेचिराख करून तिथे गाढवाचा नांगर फिरवला तो आदिलशाही सरदार हाच. त्याच पुण्यात पुढे जिजाऊंनी सोन्याचा नांगर फिरवला हे मुलीने चौथीच्या इतिहासात वाचलं असेल. त्या गोष्टीतला एक माणूस या तोफेपाशी येऊन भेटतो. माझ्या अनुभवात पुण्याच्या मुलांचा चेहरा इथे बदलतो. इतक्या वेळ दुसऱ्याचा असलेला इतिहास अचानक घरचा होतो.

तोफ साडेचार मीटर लांब आणि पंचावन्न टनांच्या घरातली, मिश्रधातूची. तोंडाच्या बाजूने बघा, घाईने बाजूचा फोटो काढून निघू नका. तोफेचं तोंड म्हणजे एका हिंस्र पशूचा उघडा जबडा आहे आणि त्याच्या दातांत हत्ती चिरडला जातोय. अंगावर लेख आहेत: ओतणाऱ्याचा, निजामशहाचा आणि शेवटी औरंगजेबाचा, विजापूर जिंकल्याचा. दोन सत्तांनी एकाच धातूवर नाव घातलं. १८५४ मध्ये इंग्रजांनी ही तोफ लिलावात काढली, बोली आली दीडशे रुपये, आणि सुदैवाने तो सौदा रद्द झाला.

जवळच उपळी बुरूज आहे, १५८४ चा, हैदरखानाचा. गोल, सुमारे चोवीस मीटर उंच, बाहेरून वळत जाणारा जिना. आईंनी खाली थांबावं, तुम्ही मुलीला घेऊन चढा. सगळं शहर एका नजरेत येतं आणि पूर्वेला क्षितिजावर गोल घुमट दिसतो. आत्ता त्याचं एवढंच दर्शन पुरे.

याच भागात ताज बावडी. १६२० ची, दुसऱ्या इब्राहिमच्याच काळातली, ताज सुलतानाच्या नावाने. भलीमोठी कमान, दोन बाजूंना अष्टकोनी बुरूज आणि आत चौकोनी प्रचंड तलाव. कित्येक वर्षं ती कचऱ्याने भरलेली होती. काही वर्षांपूर्वी मोठी मोहीम काढून गाळ उपसला. खाली उतरण्याचा दरवाजा कधी उघडा असतो, कधी बंद, पण वरूनही ती पूर्ण दिसते. मला स्वतःला विजापूरचं खरं आश्चर्य पाण्यात वाटतं. हा दुष्काळी मुलूख आहे, जवळ मोठी नदी नाही. तरी इथे लाखोंची राजधानी चालली ती तोरवीहून येणाऱ्या भुयारी कालव्यावर आणि बेगम तलावावर. पाणी मातीच्या नळांतून खेळवलं होतं, आणि दाब वाढून नळ फुटू नयेत म्हणून वाटेत ठिकठिकाणी उंच चौकोनी मनोरे बांधले होते. त्यांना इथे गंज म्हणतात. आजही रस्त्याकडेला, कुठे दुकानांच्या मागे ते उभे दिसतात. कोणी दाखवत नाही, म्हणून तुम्हीच बघत राहा. मुलीला मोजायला सांगा.

एवढ्यात साडेबारा होतील. जेवायला हॉटेल शोधू नका, खानावळ शोधा. बसस्टँड आणि गांधी चौकाच्या आसपास पाटीवर "लिंगायत खानावळ" किंवा नुसतं "खानावळी" लिहिलेलं दिसेल, बहुतेक कन्नडमध्ये, पण कोणालाही विचारलंत तर दाखवतील. ताटात ज्वारीची पातळ भाकरी, तेलात शिजवलेली भरली वांगी, मोडाच्या कडधान्याची उसळ, शेंगदाण्याची लाल चटणी, कारळ्याची चटणी, दही आणि कच्ची पालेभाजी किंवा कांदा येतो. भाकरी मऊ आणि कडक अशी दोन्ही मिळते. आईंना दाताचा त्रास असेल तर "मऊ" असं आधीच सांगा. सोलापूरच्या ताटाशी हे जेवण सख्खं आहे, आणि आईंच्या पोटाला बाहेरच्या कुठल्याही पंजाबी भाजीपेक्षा मानवेल. भाषेची काळजी करू नका. कन्नड आणि दखनी उर्दू हे इथलं रोजचं बोलणं, पण हिंदी सगळीकडे चालते आणि मराठी समजणारे भरपूर भेटतात.

जेवल्यावर साडेतीनपर्यंत खोलीवर जाऊन झोपा. हे मी गंमत म्हणून सांगत नाही, हा आराखड्याचा भाग आहे. इथलं दुपारचं ऊन थंडीतही चटका देतं आणि दगड तापलेले असतात. वडीलधारी माणसं सोबत असताना दुपार गाळली की संध्याकाळ मिळते.

चारनंतर अर्किल्ला. आधी आसार महाल, महंमद आदिलशहाने बांधलेला, समोर मोठा हौद आणि लाकडी उंच खांब. आधी न्यायदानाची जागा होती, पुढे इथे पैगंबरांचे पवित्र अवशेष ठेवले गेले. आतल्या भागात स्त्रियांना प्रवेश नसतो. मुलीला आणि आईंना हे आधीच सांगून ठेवा, म्हणजे दारात अवघडल्यासारखं होणार नाही. बाहेरून खांब आणि हौद निवांत बघता येतात. मग गगन महाल, पहिल्या अलीचा, १५६१ चा. तीन कमानी, त्यातली मधली साठेक फूट रुंद. वरचं लाकूडकाम सगळं गेलंय, उरलाय तो दगडी सांगाडा, पण दरबाराची कल्पना येते. १६८६ मध्ये शेवटचा सुलतान सिकंदर, वयाने जेमतेम तरुण, चांदीच्या बेड्या घालून इथेच औरंगजेबासमोर आणला गेला असं सांगतात. सात मंझिल आणि जल मंदिर रस्त्यावरच आहेत, जाता जाता बघून होतात.

संध्याकाळ मात्र बारा कमानसाठी राखून ठेवा. दुसऱ्या अली आदिलशहाची ही अपुरी कबर. उंच चौथरा आणि त्यावर काळ्या दगडाच्या कमानींच्या रांगा, वर छत नाही, घुमट नाही. याबद्दल एक गोष्ट तुम्हाला प्रत्येक जण ऐकवेल: हिची सावली गोल घुमटावर पडेल म्हणून बापाने मुलाला मारलं आणि काम थांबलं. बाप महंमद वारला १६५६ मध्ये, आणि अली १६७२ मध्ये. बाप सोळा वर्षं आधीच गोल घुमटाखाली झोपलेला होता. खरं कारण जास्त दुःखाचं आहे. अली गेला तेव्हा गादीवर लहान मूल उरलं, सरदार आपसांत भांडत होते, एका बाजूने मराठे आणि दुसऱ्या बाजूने मोगल राज्य कुरतडत होते. कबर पुरी करायला ना पैसा राहिला ना मन. राज्य कसं संपतं हे पुस्तकापेक्षा इथे स्वच्छ दिसतं. आणि वास्तुकलेत रस असेल तर अपुरी इमारतच जास्त शिकवते. कमानीचे दगड एकमेकांना कसे पेलून धरतात ते वर गिलावा नसल्याने दगड न् दगड मोजून बघता येतं. खाली बागेत बसायला जागा आहे, आईंना आवडेल.

रात्री गांधी चौकात फिरा, शेंगा चटणी विकत घ्या, लवकर झोपा.

रविवारी पहाटे उठायचं आहे. गोल घुमटाचं आवार सकाळी सहाला उघडतं. त्या वेळी आत फक्त गावातले फिरायला येणारे लोक असतात. नऊ-साडेनऊला शाळांच्या सहलींच्या गाड्या लागायला सुरुवात होते आणि त्यानंतर वरच्या गॅलरीत फक्त आरडाओरडा ऐकू येतो. हा आवाजाचा चमत्कार ऐकायचा तर शांतता लागते. एवढ्या एका गोष्टीसाठी अलार्म लावा.

तिकीट काढून नगारखान्याच्या खालून जाता. तिथे आता संग्रहालय आहे, ते नंतर. समोर चौकोनी इमारत, प्रत्येक बाजू साडेसत्तेचाळीस मीटर, चार कोपऱ्यांना सात मजली अष्टकोनी मनोरे. आधी वर जाऊ नका, आधी खाली मधोमध उभे राहा. जमिनीवर लाकडी छत्रीखाली महंमद आदिलशहा, त्याच्या राण्या, मुलगी, नातू आणि रंभा नावाची त्याची आवडती नर्तिका यांच्या कबरी आहेत. खऱ्या कबरी खालच्या तळघरात. एवढ्या मोठ्या दालनात एकही खांब नाही.

आता मुलीला एक प्रश्न विचारा: खोली चौकोनी आहे, घुमट गोल आहे, मग चौकोनावर गोल बसवला कसा? कोपरे उघडे पडायला हवेत. वहीत एक चौकोन काढायला सांगा, त्यावर दुसरा चौकोन थोडा फिरवून. आठ टोकांची चांदणी तयार होते आणि मधे अष्टकोन उरतो. आता मान वर करून बघा. भिंतींतून उठणाऱ्या आठ कमानी एकमेकींना छेदत नेमक्या त्या दोन चौकोनांसारख्या आत झुकत आल्या आहेत, आणि त्यांच्या मधल्या अष्टकोनावर वर्तुळ टेकलंय. घुमटाचं वजन भिंतींना बाहेर ढकलू पाहतं, आणि या आत झुकलेल्या कमानींचं वजन त्याला आत ओढून धरतं. बाहेरून आधाराच्या जाड भिंती का नाहीत त्याचं उत्तर हे आहे. घुमटाचा बाहेरचा व्यास चव्वेचाळीस मीटर आहे. जगात दुसरा की तिसरा या हिशेबात वेळ घालवू नका. तो तोलून कसा धरलाय ते कळलं की आकडा आपोआप मागे पडतो. आईंनी हे सगळं खालून बघितलं तरी त्यांचा गोल घुमट पुरा झाला असं समजा.

वर जाण्याचा जिना कोपऱ्यातल्या मनोऱ्यातून आहे. अरुंद, गोल फिरत जाणारा, पायऱ्या उंच आणि काही ठिकाणी अंधार. गुडघे दुखणाऱ्या माणसाने जाऊ नये, मग कितीही आग्रह होवो. चढण्यापेक्षा उतरताना जास्त त्रास होतो, आणि अर्ध्यावरून परत फिरणं अवघड. तुम्ही आणि मुलगी जा. आईंना खाली बागेत किंवा दालनात बसवा.

वर छतावर बाहेर पडलात की शहर पूर्वेकडून दिसतं, आणि कालचा सगळा दिवस समोर पसरलेला असतो: बारा कमान, लांब पश्चिमेला उपळी बुरूज. मग छोट्या दारातून घुमटाच्या आतल्या गॅलरीत शिरा. टाळी वाजवायची घाई नको. एकाने भिंतीला तोंड लावून अगदी हळू बोलायचं, दुसऱ्याने बरोबर समोर, अडतीस मीटर पलीकडे, भिंतीला कान लावून ऐकायचं. आवाज हवेतून सरळ येत नाही, गोल भिंतीच्या कडेकडेने सरकत येतो, म्हणून तो पसरत नाही आणि विरत नाही. कुजबुज शेजारून आल्यासारखी ऐकू येते. मग एकदाच टाळी वाजवा आणि परत येणारे आवाज मोजा. कठड्याशी मुलीचा हात धरून ठेवा.

खाली उतरून संग्रहालय बघा. तिथल्या हस्तलिखितं, शिलालेख आणि हत्यारांसाठी अर्धा तास पुरतो.

नाश्त्यानंतर जामा मशीद. पहिल्या अलीने सुरू केलेली ही मशीद रोजच्या नमाजाची आहे, म्हणून डोकं झाकायला ओढणी किंवा रुमाल ठेवा आणि नमाजाच्या वेळा टाळा. इथे नक्षी जवळजवळ नाही. पांढऱ्या कमानींच्या रांगा आणि प्रमाणबद्धता, एवढंच. गोल घुमटानंतर ती साधेपणाने मन शांत करते. मधल्या मेहराबीवर, म्हणजे नमाजाची दिशा दाखवणाऱ्या कोनाड्यावर, महंमदाच्या काळात, १६३६ मध्ये केलेलं सोनेरी काम आहे. ते बऱ्याचदा पडद्याआड असतं, तिथल्या माणसाला नम्रपणे विनंती केली तर दाखवतात. जमिनीवर एकेका माणसाच्या नमाजासाठी आखलेले चौकोन आहेत, ते औरंगजेबाने करवले. तिथून अर्किल्ल्याकडे येताना रस्त्यावर मेहतर महाल दिसेल. फक्त प्रवेशद्वार आहे, पण त्याच्या सज्जाखालचे दगडी तिरके आधार लाकूड कोरावं तसे कोरलेत. गाडी थांबवून पाच मिनिटं मान वर करा.

काय सोडायचं तेही सांगते. साठ कबरी म्हणून एक जागा शहराबाहेर पश्चिमेला आहे. एका चौथऱ्यावर एकसारख्या, एका मापाच्या स्त्रियांच्या कबरींच्या रांगा. प्रतापगडाच्या मोहिमेआधी अफझलखानाने आपल्या बायका मारल्या अशी कथा त्यांना चिकटली आहे. कथेला पुरावा आहे असं मी मानत नाही, पण जागा अंगावर येते, आणि लहान मुलीसोबत मी तिथे नेणार नाही. जवळच खानाने स्वतःसाठी बांधायला घेतलेली कबर आहे, ती रिकामी राहिली. १६५९ मध्ये तो प्रतापगडाखाली पुरला गेला. दुसऱ्या इब्राहिमने वसवायला घेतलेल्या नवरसपूरचे अवशेष आणि कुमटगीच्या पाणमहालांमधली चित्रं सुंदर आहेत, पण ती दुसऱ्या खेपेची.

बाकी किरकोळ. नोव्हेंबर ते फेब्रुवारी हा सगळ्यात चांगला काळ. पावसाळाही चालतो, कारण इथे पाऊस मुळात कमी. मार्च ते मे मात्र आईंना घेऊन जाऊ नका. मुक्काम गांधी चौक किंवा स्टेशन रस्त्याच्या आसपास घ्या, म्हणजे दोन्ही टोकं दहा-पंधरा मिनिटांवर येतात. गाडी असली तरी जुन्या गल्ल्यांत रिक्षा सोयीची, फक्त अर्ध्या दिवसाचे पैसे आधी ठरवा. चपला पटकन काढता-घालता येतील अशा घाला आणि पायमोजे ठेवा, दगड तापतात. पुरातत्त्व खात्याच्या तिकिटाच्या जागी पंधरा वर्षांखालच्या मुलांना तिकीट लागत नाही. गाईड घ्यायचा तर गोल घुमटाच्या दारात ओळखपत्र बघून घ्या आणि त्याला पहिल्यांदाच सांगा की दंतकथा थोड्या, इमारत जास्त. चांगला गाईड हे ऐकून खूश होतो.

रविवारी साडेअकरा-बाराला विजापूर सोडा. दोनच्या आसपास सोलापूरला जेवण, आणि वाटेत एखादा चहा घेऊन रात्री आठपर्यंत पुणं. बदामी-पट्टदकलसाठी तीन सलग दिवस मिळतील तेव्हा कळवा. त्यात ऐहोळेही बसवू, आणि तो आराखडा वेगळा असेल, कारण तिथे चढण आईंना कुठे टाळायची ते लेणं न् लेणं बघून ठरवावं लागतं.